वाचकांचे प्रश्न : जुन्या बंबखान्याचा मनोरा आणि कमानी

प्रश्न : जुन्या अग्निशमन केंद्रांच्या छायाचित्रांत कडेला एक अरुंद, उंच मनोरा दिसतो. तो आगीवर नजर ठेवण्यासाठी असायचा का? (एक वाचक, पंचवटी)

उत्तर : टेहळणी हा एक उपयोग. गावातली घरं एक-दोन मजली होती तोवर वरून धूर लांबून दिसे. टेलिफोन आल्यावर ती गरज सरली, तरी मनोरे बांधले जातच राहिले ते होज (बंबाचा पाणी मारायचा लवचिक नळ) वाळवण्यासाठी. तेव्हाचा होज सुती किंवा लिननच्या जाड कापडाचा असे. तो ओला गुंडाळून ठेवला की बुरशी धरे, धागा कुजे आणि पुढच्या आगीच्या वेळी पंपाचा दाब येताच नेमका घडीवर फाटे.

वाळवण्याची रीत अशी : आधी ब्रशने चिखल धुवायचा, पाणी निथळू द्यायचं. मग होज मधोमध दुमडून, दोन्ही कपलिंग (टोकांचे धातूचे जोड) खाली ठेवून, कप्पीने वर चढवायचा. 15 मीटरचा होज दुमडून साडेसात मीटर होतो. कप्पी आणि खालची जागा धरून मनोरा नऊ-दहा मीटर हवा. 30 मीटरच्या होजला सतरा-अठरा मीटर लागतात. होज अंगणात का वाळवायचा नाही? कडक उन्हाने आतलं रबराचं अस्तर तडकतं. म्हणून मनोऱ्याला खाली आणि वर झडपा असतात. खालून हवा आत येते, वरून बाहेर पडते. दुरुस्तीत हमखास होणारी चूक म्हणजे कबुतरं येतात म्हणून वरच्या झडपांवर पत्रा ठोकणं. हवा कोंडते आणि आपल्याकडच्या पावसाळ्यात आतल्या भिंतींना ओल धरते. पत्र्याऐवजी जाळी लावावी.

आताचे होज सिंथेटिक धाग्याचे असतात. ते तसे कुजत नाहीत, पण वाळवावे लागतातच.

प्रश्न : वरच्या मजल्यावरून खांबावरून घसरत खाली यायची पद्धत कुठली? (एक विद्यार्थिनी, कॉलेज रोड)

उत्तर : शिकागोची. 1878 मध्ये तिथल्या अग्निशमन दलातले डेव्हिड केन्यन यांनी लाकडी खांब बसवला. बोस्टनमध्ये 1880 ला पितळी आला. खाली घोडे, वर माणसं अशी रचना असल्याने उतरण्यातले काही सेकंद वाचत. मात्र घोटे मुरगळत, आणि गाड्या मोटारीच्या झाल्यावर त्यांचा धूर त्याच भोकातून झोपायच्या खोलीत चढू लागला. म्हणून बऱ्याच ठिकाणी तो बंद झाला.

प्रश्न : दगडी कमानींच्या जुन्या केंद्रात मोठा बंब शिरत नाही. एक कमान रुंद केली तर? (एक वाचक, नाशिकरोड)

उत्तर : कृपया करू नका. कमान नुसता भार खाली उतरवत नाही, ती बाजूलाही रेटते. शेजारशेजारच्या दोन कमानींचा रेटा मधल्या खांबावर एकमेकांना तोलून धरतो. एक कमान तोडली की दुसरीचा रेटा मोकळा होतो, खांब कलतो आणि शाबूत कमानीच्या माथ्यावर, चावीच्या दगडाजवळ, चीर पडते. जमिनीचाही विचार हवा. 4500 लिटर पाण्याचंच वजन साडेचार टन, गाडीचं वेगळं. घोडागाडीसाठी घातलेली फरशी, आणि तिच्याखाली जुनं गटार असेल तर तेही, एवढा भार पेलेल याची खात्री नसते.

आमच्या मते मोठी गाडी मागच्या आवारात नव्या शेडमध्ये लावावी आणि कमानींत छोटी गाडी ठेवावी. सराफ बाजार, भद्रकालीच्या बोळांत तशीही तीच आधी पोचते.

कमानींच्या डागडुजीत दगडांमधले सांधे भरताना सिमेंट टाळा. काळ्या दगडाच्या चुन्यातल्या भिंतीतली ओल सांध्यांतूनच बाहेर पडते. सिमेंटने ती अडते, क्षार फुलतात आणि आतला चुना भुसभुशीत होतो. सांधा सुमारे 20 मिलिमीटर खोल खरवडा, झाडून ओला करा आणि भिजवलेला चुना 1, सुरखी (भाजलेल्या विटांची पूड) 1, वाळू 2 या प्रमाणात भरा. निदान सात दिवस गोणपाट ओलं ठेवा. भर उन्हात हे काम काढू नका : चुना वरून वाळतो, आत कच्चा राहतो आणि महिनाभरात पापुद्रे सुटतात. पंचवटीतल्या दगडी वाड्यांनाही हेच प्रमाण चालेल.