जुनी हिंदी गाणी ऐकायची तर
अरे, गायकांच्या नावाने याद्या करत बसू नकोस, संगीतकार धर. शंकर-जयकिशनपासून सुरुवात कर. पहिल्यांदा चाल आणि शब्द ऐकशीलच. दुसऱ्यांदा मात्र लताबाईंच्या आवाजामागे चालणारी व्हायोलिनं ऐक. शंकर-जयकिशनच्या गाण्यांचं वाद्यसंयोजन गोव्याचे सेबॅस्टियन डिसोझा करायचे. मग ऐक त्यांचे तालवाद्यं सांभाळणारे सहायक दत्ताराम वाडकर यांचा ठेका. एकदा कानात बसला की कुठेही ओळखशील. ही माणसं पडद्यावर दिसली नाहीत, पण माझ्या मते गाणी टिकली ती त्यांच्यामुळेही. रिमिक्स तूर्त राहू दे.

मुंबईच्या चोरबाजारात मटण स्ट्रीटवर अशा गाण्यांची ७८ची, म्हणजे मिनिटाला ७८ फेरे घेणारी, तबकडी मिळाली, तर उजेडात तिरकी धरून केसाएवढी चीर आहे का बघ. आणि एलपीची, म्हणजे नंतरच्या हळू फिरणाऱ्या तबकडीची, सुई तिच्यावर मुळीच टेकवू नकोस. ७८ची खाच रुंद असते, तिला वेगळी सुई लागते.