तुझ्या जगाचं कॅलेंडर दुरुस्त करताना

तुझ्या कादंबरीतल्या जगात वर्ष ३७२.२ दिवसांचं आणि कॅलेंडर ३७२ दिवसांचं, ही कल्पना फार आवडली. ती बदलू नकोस. पण तुझी राणी दिवस गाळून कॅलेंडर दुरुस्त करते, ती दुरुस्तीची दिशा चुकली आहे. ३०० वर्षांत ६० दिवसांचा फरक पडतो हे बरोबर, पण तुझं कॅलेंडर ऋतूंच्या पुढे धावतंय. सुगीचा सण उजाडतो तेव्हा कणसात दाणाही भरलेला नसतो. म्हणून राणीने दिवस गाळायचे नाहीत, घालायचे!

तू बहुधा युरोपातली १५८२ ची कॅलेंडर-दुरुस्ती डोळ्यांसमोर ठेवलीस. तेव्हा ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर आला, कारण तोवर चालत आलेल्या ज्युलियन कॅलेंडरचं वर्ष खऱ्या वर्षापेक्षा किंचित मोठं होतं. तुझ्या उपयोगाचा दाखला इसवी सनपूर्व ४६ चा आहे. रोमच्या ज्युलियस सीझरने जादा दिवस घालून ते वर्ष ४४५ दिवसांचं केलं होतं. पुढे दर पाचव्या वर्षी एक दिवस वाढवलास की तुझा हिशेब जुळतो.

खरी गोष्ट त्या साठ दिवसांतच आहे, तिथे रेंगाळ. त्यांना महिन्याचं नावच नाही. सावकार व्याज मागणार, कूळ म्हणणार, ‘हे दिवस वर्षात धरलेच कुठे?’ उद्या सुटणाऱ्या कैद्याच्या कोठडीबाहेर पहारेकरी हुकूमनामा वाचतोय, असा एक प्रसंग लिहून बघ. त्या दिवसांत जन्मलेल्या मुलीचा वाढदिवस कधी, हेही ठरव. मला तर कादंबरीची नायिका तीच वाटते.

आणि डोंगरापलीकडचं राज्य ही दुरुस्ती लगेच मानणार नाही. तहाच्या कागदावर दोन्ही तारखा लिहायला लाव.