बोटांचं वर्तुळ करताना जरा जपून

परदेशी पाहुण्यांसोबत काम सुरू करताय ना, मग अंगठा आणि तर्जनी जुळवून ‘झकास’ म्हणायची सवय आधी सोडा. अमेरिकेत ते सहसा खपून जातं. पण तिथेही २०१९ मध्ये अँटी-डिफेमेशन लीग या द्वेषाविरुद्ध काम करणाऱ्या संस्थेने ही खूण द्वेषचिन्हांच्या यादीत घातली. बहुतेक वेळा ती निरुपद्रवीच असते, हेही त्यांनीच सांगितलं म्हणा. जपानमध्ये तेच वर्तुळ म्हणजे पैसे. नाण्याचा आकार आठवा, विसरणार नाही. फ्रान्समध्ये त्याचा अर्थ शून्य, कवडीमोल असाही होतो, म्हणून समोरच्याचा चेहराही बघा. ब्राझीलमध्ये मात्र ती सरळसरळ शिवी. तिथे गमतीतसुद्धा नको.

दोन बोटांची विजयाची खूण करायचीच असेल, तर तळहात समोरच्याकडे ठेवा. १९९२ मध्ये कॅनबेरात अमेरिकेचे तेव्हाचे अध्यक्ष थोरले बुशसाहेब यांनी गाडीतून ती उलट्या हाताने दाखवली, आणि ऑस्ट्रेलियात त्याचा अर्थ शिवीच.

नुसता अंगठा वर करणं मला तरी सुरक्षित वाटत नाही. इराणमध्ये जुन्या वळणाच्या माणसांना तो झोंबतो. पाण्याखालचा प्रकार आणखी वेगळा. स्कूबा डायव्हिंगमध्ये वर्तुळ म्हणजे ‘ठीक आहे’ आणि अंगठा वर म्हणजे ‘वर चला’. खूश होऊन अंगठा दाखवलात, तर जोडीदार तुम्हाला घेऊन वर निघेल.