गैरहजेरीत अपील फेटाळलंय? आधी नियम २४ वाचा

आयकर अपील न्यायाधिकरणाच्या पुणे खंडपीठाने तुमच्या गैरहजेरीत अपील फेटाळलं, तर लगेच हायकोर्टात धावू नका. न्यायाधिकरणाच्या १९६३ च्या नियमांतला नियम २४ तुमच्यासाठीच आहे: न येण्याचं पुरेसं कारण पटलं, तर निकाल रद्द होऊन अपील पुन्हा सुनावणीला येतं. त्यासाठी न्यायाधिकरणाकडेच एम.ए. (मिसलेनियस ॲप्लिकेशन, म्हणजे किरकोळ अर्ज) दाखल करा, फी ५० रुपये. १९६१ च्या आयकर कायद्यातल्या कलम २५४(२) ची (निकालातली चूक दुरुस्त करून घेण्याची) मुदत, म्हणजे निकालाचा महिना संपल्यापासून सहा महिने, इथेही पाळाच. उशीर झाला की मुदतीवरच वाद अडतो.

सगळी मदार शपथपत्रावर. नुसतं ‘आजारी होतो’ चालत नाही, त्या तारखेचं डिस्चार्ज कार्ड जोडा. नोटीस जुन्या पत्त्यावर गेली असेल आणि नवा पत्ता तुम्ही कळवला नसेल, तर तसं सरळ कबूल करा आणि सुधारित फॉर्म ३६ (अपिलाचा फॉर्म) सोबत द्या. नाहीतर पुढची नोटीसही तिथेच जाईल.