'मी कोण?' विचारायला बसण्याआधी

'मी कोण?' हे शोधायला सुरुवात कुठून करू, काय वाचू, असं विचारलंत. उपनिषदं, शंकराचार्य, फ्रेंच तत्त्वज्ञ देकार्त असा पुस्तकांचा ढीग एकदम घरी आणू नका. मी आणला होता. दोन वर्षं नुसती त्यावरची धूळ झटकली.

आधी स्कॉटिश तत्त्वज्ञ डेव्हिड ह्यूम. १७३९ साली त्याने लिहिलं, की स्वतःच्या आत डोकावलं की ऊब, गारवा, राग, सुख असलंच काहीतरी हाती लागतं. त्यांच्यावेगळा 'मी' कधी सापडत नाही. वाचून मान डोलवू नका, दहा मिनिटं बसून खरंच शोधा. गुडघा दुखेल, लाइटबिल आठवेल. 'मी' भेटतो का, बघा.

मग खेतवाडीतल्या निसर्गदत्त महाराजांकडे वळा. मुंबईत विड्यांचं दुकान चालवणारा हा माणूस १९३३ च्या सुमारास आपल्या गुरूंना, सिद्धरामेश्वर महाराजांना भेटला. (संसार सोडायची गरज नाही, हे तेवढ्यावरूनच कळावं.) निसर्गदत्तांचं सांगणं असं: 'मी अमका, मी तमका' हे मागाहून चिकटतं, नुसत्या 'मी आहे' या जाणिवेला धरून राहा. म्हणजे ह्यूम ज्याला शोधत होता, तो शोधणाऱ्यातच होता! मला हे बरंचसं पटतं. पण गाढ झोपेत ती जाणीव जाते कुठे? महाराज तर म्हणत, तीही येते आणि जाते. इथे मी अजून अडकलेलोच आहे.

दोघांना घाईने एका माळेत ओवू नका. वहीत दिसलं तेवढंच लिहा, निष्कर्ष नकोत. आणि बसल्या वेळी घरातून हाक आली, तर आधी उठा.