सिनेमा बघून फ्रेंच उच्चार सुधारायचे तर

अख्खा सिनेमा बघत बसू नकोस. दोन मिनिटांचा एकच प्रसंग घे आणि तोच घोळव. सबटायटल फ्रेंचच ठेव. इंग्रजी लावलंस की कान झोपलाच. डब केलेले सिनेमे टाळ, त्यांत सबटायटल आणि संवाद बऱ्याचदा जुळत नाहीत. पुस्तकातलं ‘ज न से पा’ (मला माहीत नाही) पडद्यावर सरळ ‘शेपा’ होतं, ते तसंच उचल.

आपली खरी पंचाईत फ्रेंच ‘तू’मधल्या (tu) स्वराची: जीभ ‘ई’ला ठेवायची आणि ओठांचा चंबू ‘ऊ’सारखा करायचा. ‘बों’ (bon, म्हणजे ‘चांगलं’) मधला स्वर नाकातून काढायचा, शेवटी ‘न’ ऐकू येता कामा नये. कोकणी बोलत असशील तर हे नाकातले स्वर तुला फुकटात मिळालेत! मग मोबाइलवर स्वतःचं वाक्य रेकॉर्ड करून नटाच्या वाक्याशेजारी ऐक. घशातल्या ‘र’ची घाई नको, तो सावकाश बसतो.