विदर्भातल्या खेड्यातून आलेल्या नवीन दिग्दर्शकाची स्वतःची शैली कशी घडते? पुण्या-मुंबईला जावंच लागतं का?

पुण्याला जायचं की नाही ते खिशाला विचारा. शैलीबद्दल मात्र बोलतो, कारण ‘तुझ्या पिक्चरात झाडीपट्टी दिसते’ हे मी शिवीसारखं ऐकलेलं आहे. झाडीपट्टी म्हणजे आमचा पूर्व विदर्भाचा जंगलपट्टा, आणि तिथली रात्रभर चालणारी, मोठ्या आवाजातली नाटकं.

मी लाखांदूरकडचा. तिथल्याच वडसा गावच्या एका नाटक कंपनीत लाइट सांभाळायचो. दिवाळीनंतर होळीपर्यंत हंगाम, रात्री चढलेला पडदा पहाटे पडतो, प्रेक्षक हजारांनी. त्याच पैशांतून पहिला लघुपट केला, मोहफुलं वेचणाऱ्या मामीवर. फटफटायच्या आधीची वेळ, मामी वाकलेली, बोटं पाचोळ्यात, आणि मान वर न करता लांबच्या झाडाखालच्या बाईशी टिपेच्या आवाजात सुनेची तक्रार चाललेली.

एडिटिंग मावसभावाकडे. तो पुण्यात कोर्स केलेला. म्हणाला, ओव्हरअ‍ॅक्टिंग आहे, हे काय नाटक आहे का? मामीला घरात बसवून हळू आवाजात डबिंग करून घेतलं त्यानं. गावात दाखवला तर मागून एक म्हातारी ओरडली, “येवढ्या हळू बोलन तं अस्वल येईन ना वो!”

अख्खं गाव हसलं. मोहाच्या दिवसांत अस्वलंही फुलं खायला येतात. अंधारात बाया मोठ्यानं बोलतात ते अस्वलाला चाहूल लागून त्यानं लांब राहावं म्हणून, आणि कोण कुठं आहे ते कळावं म्हणून. मावसभावाला हे अजूनही पटत नाही. तो ‘कोर्ट’ (2014) दाखवतो: बघ, कॅमेरा हलत नाही, कोणी ओरडत नाही. अरे, ती मुंबईची कचेरी आहे, तिथं तसंच बोलतात! आणि त्याच सिनेमात आपले नागपूरचे वीरा साथीदार शाहीर म्हणून उभे राहतात, तेव्हा ते काय कुजबुजतात?

तर माणसं जिथं जशी बोलतात तशी बोलू द्या, कॅमेरा त्या हिशेबानं ठेवा. सुरुवात लघुपटानंच करा, नागराज मंजुळेंनीही ‘फँड्री’आधी ‘पिस्तुल्या’ केला होता. जमलं तर एक हंगाम वडशाला काढा. पगाराची फार आशा ठेवू नका.

हो, एक राहिलं. मोठा आवाज वेगळा आणि फाटलेला आवाज वेगळा. रेकॉर्डिंगची लेव्हल कमीच ठेवा, नंतर वाढवता येते. फाटलेलं काही केल्या सुधरत नाही. हे मावसभावानंच शिकवलं, नाकारत नाही. पण एडिटिंगला नातेवाईक घेऊच नका. घेतलाच, तर आधी मार्च-एप्रिलात एका पहाटे मामीसोबत जंगलात पाठवा.